उजनीतलं पळसदेवचं देऊळ कधी उघडं पडतं?

तुम्ही विचारलंय, 'उजनी धरणातलं ते रहस्यमय मंदिर कधी दिसतं, आणि होडीवाले किती घेतात?' रहस्य कसलं डोंबलाचं! पळसनाथाचं देऊळ आहे ते, आणि त्याच्या भोवती आमचं गाव होतं. 1980 ला भीमेवरचं धरण पुरं झालं. गाव वर पुणे-सोलापूर हायवेला आलं, देऊळ खाली राहिलं.

उजनी 117 टीएमसीचं (अब्ज घनफूट), त्यातलं 63 च्या वर मृतसाठ्यात, म्हणजे तळातलं पाणी; मोजायचं शून्य त्याच्या वर धरतात. त्यामुळे आमचं पाणी शून्याच्याही खाली 'मायनस'मध्ये जातं. मायनस वाढत गेलं की आधी शिखर दिसतं, मग खालचं बांधकाम. 2024 च्या उन्हाळ्यात मायनस साठ टक्क्यांच्या आसपास गेलं होतं.

तेव्हा आबांना घेऊन गेलो होतो. सगळे शिखराचे फोटो काढत होते. आबा देवळाकडे बघेनात. गाळातून दगडांच्या ओळी बघत चालले, एका जोत्यापाशी थांबले आणि काठीनं टोकरायला लागले. उखळ निघालं. आत शिंपले आणि काळा चिखल. बोटांनी सगळं कोरून काढलं आणि म्हणाले, "हे आपलं नव्हं. शेजारच्यांचं. आपल्याचा काठ फुटका होता." फुटक्या काठाचं काही सापडलं नाही.

माझा साडू माढ्याचा, म्हणजे धरणाच्या कालव्याकडचा, तोही बरोबर होता. परत येताना म्हणतो, "पाहुणं, गाव गेलं खरं, पण बॅकवॉटरवर मोटारी तुमच्याच की! आमचं पाणी उपसून ऊस लावता." तेव्हा आबांपुढे गप्प बसलो, इथं सांगतो. मोटारी आहेत, नाही कोण म्हणतंय? पण पाणी मागं सरलं की रोज पाइप जोडत, मोटार चिखलातून ढकलत कोण नेतं? धरण खाली गेलं की आधी लाइट कुणाची कापतात? बिनपाण्याची शाळू देणारी नदीकाठची काळी रानं आमची गेली, तेव्हा त्याच्याकडं कालवा गेला. उपकाराची भाषा त्यानं तरी करू नये. बाकी ऊस दोन्हीकडं जास्त झालाय, हे त्याचं खरं आहे.

तर तुम्ही जाणार असाल तर एप्रिल-मेमध्ये, तेही पाऊस कमी झालेल्या साली. चांगल्या पावसाच्या साली हेलपाटा होईल. शिखर बघा, वीरगळ बघा, पण घरांच्या जोत्यांवर चढून रील काढू नका. दगड घरी नेऊ नका, नेणारे बघितलेत.

होडीचा भाव चढायच्या आधी ठरवा. लाइफ जॅकेट नसेल तर बसू नका. 2024 च्याच मे महिन्यात कुगाव-कळाशीच्या मधे वाऱ्यानं होडी उलटून सहा जण गेले. पाणी सरलेल्या जागी गाळ वरून वाळलेला दिसतो, पाय टाकला की गुडघ्यापर्यंत जातो. दुपारनंतर वारा सुटतो, सकाळीच जाऊन या.