कोच, सारथी आणि हंगेरीतले एक गाव

वॉल्टर कॅम्प या अमेरिकी फुटबॉल प्रशिक्षकावरील चरित्रलेख मराठीत आणणाऱ्या एका वाचकाने विचारले आहे की, 'कोच'साठी 'प्रशिक्षक' लिहावे, 'मार्गदर्शक' लिहावे, की क्रीडापानांवर वारंवार दिसते तसे 'संघाचे सारथी' लिहावे. शिवाय मैदानावरचा कोच, रेल्वेचा कोच आणि दिवाणखान्यातला कोच हा एकच शब्द आहे काय?

दिवाणखान्यातल्या कोचाचा या कुळाशी काहीही संबंध नाही. तो 'निजणे' या अर्थाच्या फ्रेंच क्रियापदावरून इंग्रजीत आला आणि तिथला वेगळा स्वर मराठीच्या उंबरठ्यावर गमावून बसला. उरलेले दोन मात्र सख्खे भाऊ आहेत, आणि त्यांचे मूळ हंगेरीत व्हिएन्ना ते बुडा या मार्गावरील कोच नावाच्याच गावात आहे. तिथले कारागीर पंधराव्या शतकात हलक्या, वेगवान घोडागाड्या बांधत, आणि त्या गाडीला हंगेरीत 'कोची सेकेर', म्हणजे कोच गावची गाडी, असे म्हणत. पुढे गाडी गळली आणि गावच गाडी झाले. पैठणी म्हणताना आपण तरी 'साडी' कुठे म्हणतो? जर्मन, फ्रेंच, स्पॅनिश असा फिरत हा शब्द सोळाव्या शतकात इंग्रजीत पोहोचला आणि रुळांवर येऊन रेल्वेचा डबा झाला.

गाडीचा गुरू झाला तो एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात, ऑक्सफर्डच्या विद्यार्थ्यांच्या टवाळखोर बोलीत. परीक्षेतून विद्यार्थ्याला अलगद पलीकडे वाहून नेणारा खासगी शिक्षक म्हणजे 'कोच'. खेळाच्या मैदानावर हा शब्द त्यानंतर गेला. तेव्हा आपले 'कोचिंग क्लास' मूळ अर्थाला क्रिकेटच्या कोचापेक्षा अधिक जवळचे आहेत, हे शिकवणीचालकांनी खुशाल फलकावर लिहावे. इथे काही व्युत्पत्तिकार गाडीवानाला मध्ये घुसडतात आणि लगाम हाती घेतलेला शिक्षक रंगवतात. हे साफ चूक आहे, कारण रूपक हाकणाऱ्याचे नसून वाहून नेणाऱ्या गाडीचे आहे. सारथी घोडे हाकतो; कोच स्वतःच्या पाठीवर माणसे घेतो. म्हणूनच 'संघाचे सारथी' वाचले की माझे डोके फिरते.

आपल्याकडे या रूपकाला तोडीस तोड शब्द आहे, आणि तो आपण देवळात नेऊन ठेवला आहे: तीर्थ. 'तॄ' म्हणजे तरून जाणे, पार होणे. तीर्थ म्हणजे नदीचा उतार, जिथून पैलतीर गाठता येतो. आणि संस्कृतात तीर्थ म्हणजे गुरूसुद्धा. एकाच गुरूकडे शिकणाऱ्यांना पाणिनीने 'समानतीर्थे वासी' या सूत्राने 'सतीर्थ्य' म्हटले आहे. वडिलांच्या पत्रात 'तीर्थरूप' लिहिणाऱ्या मराठी माणसाला हे रूपक परके वाटू नये. उतार जागेवर असतो, गाडी चालते, असा आक्षेप कोणी घेईल. पण दोन्हीकडे पलीकडे जाणारा विद्यार्थीच असतो, आणि मला तेवढे पुरे आहे.

आता कॅम्पकडे वळतो, कारण त्याच्या आयुष्यात हे रूपक विलक्षण जुळते. 1859 साली जन्मलेला हा माणूस अमेरिकेतल्या येल विद्यापीठात खेळाडू होता. 1880 मध्ये संघात पंधराऐवजी अकरा खेळाडू आणि झटापटीऐवजी ठरावीक रेषेवरून चेंडू मागे देऊन डाव सुरू करणे हे बदल त्याच्या आग्रहाने झाले. त्याचा एक परिणाम असा झाला की चेंडू आपल्याकडेच धरून वेळ काढण्याची मुभा संघांना मिळाली, आणि 1881 च्या येल-प्रिन्स्टन सामन्यात प्रत्येक संघाने अर्धा वेळ चेंडू नुसता अडवून ठेवला. त्यामुळे 1882 मध्ये तीन प्रयत्नांत पाच यार्ड पुढे सरकण्याची अट आली, आणि ते अंतर मोजण्यासाठी आखलेल्या रेषांनी मैदान भाजणीच्या लोखंडी जाळीसारखे दिसू लागले. अमेरिकेत त्या मैदानाला आजही त्या जाळीचेच, 'ग्रिडआयर्न' हे नाव आहे.

1888 ते 1892 या काळात तो येलचा प्रशिक्षक मानला जातो, पण हे काम तो वेतनाशिवाय करी आणि दिवसा न्यू हेवनच्या घड्याळ कंपनीत नोकरीवर असे. म्हणून 1888 मध्ये त्याची पत्नी अ‍ॅलिस दुपारच्या सरावाला जाई, टिपणे काढी आणि संध्याकाळी त्याला सगळे सांगे. त्या हंगामात येलने तेराही सामने जिंकले, 698 गुण मिळवले आणि प्रतिस्पर्ध्यांना एकही गुण दिला नाही. मैदानाची खबर घरी वाहून आणणारी ती, तेव्हा कोच या शब्दाच्या मूळ अर्थाने खरी कोच कोण, हे भाषांतरकाराने एका तळटीपेत तरी नोंदवावे. कॅम्प 1925 मध्ये न्यूयॉर्कमध्ये नियम समितीच्या बैठकांसाठी गेला असताना हॉटेलच्या खोलीत वारला.

'मार्गदर्शक' सैल आहे. वाट दाखवणारा सोबत येतोच असे नाही. भाषांतरात 'प्रशिक्षक' लिहा. 'तीर्थ' लिहिलेत तर संपादक छापणार नाही, याची मला कल्पना आहे.