आधी पोट्ट्यांच्या पायाला बॉल लागू दे

प्रिय बाबू,

फुटबॉल कोच व्हायचं तर डी, सी, बी, ए आणि प्रो अशी लायसन्सं आहेत. सगळ्यात खालच्या डी साठी वय १८ पूर्ण लागतं. पण अर्ज भरायच्या आधी चार महिने गावातले पोट्टे जमवून शिकव. परीक्षेत तुला मैदानात उभं करून सेशन घ्यायला लावतात, तिथं वहीतल्या आकृत्या कामी येत नाहीत.

आपल्याकडं घोळ एकाच ठिकाणी होतो. २० पोट्टे, एक रांग, एक बॉल. एकेकाला ३० सेकंद धरले तरी १० मिनिटांत पाळी एकदाच येते. उरलेला वेळ ते एकमेकांना ढकलतात आणि आपण म्हणतो, यांना शिस्त नाही! त्यापेक्षा फक्कीनं ८ बाय ८ मीटरचे चार चौकोन आख. प्रत्येकात चौघं कडेला, एक मधे बॉल हिसकवायला. चार बॉलमध्ये सगळे कामाला लागतात. सुरुवातीला एकच गोष्ट सुधार: बॉल ज्या बाजूनं येतो, तिथून लांबच्या पायावर तो घेणं. अंग मैदानाकडं वळतं, पुढचा पास दिसतो. जवळच्या पायावर घेतला की पाठ वळते आणि बॉल जातो. दर मिनिटाला शिट्टी मारून भाषण देऊ नको.

७५ मिनिटं पुरे. १५ वॉर्म-अप, २० हे चौकोन, २० चौघांविरुद्ध चौघं (३० बाय २० मीटर), उरलेली मॅच. उशीर झाला तरी मॅच कापू नको, पोट्टे तिच्यासाठीच येतात.

बारा वर्षांपर्यंत साइज ४, पुढं ५. पंपाची पिन ओली करूनच घाल, कोरडी घातली की व्हॉल्व्ह जातो. माळावर सराटे असतात, ते आधी वेचून घे. काळ्या मातीच्या वावरात उन्हाळ्यात भेगा पडतात, घोटा मुरगळतो. मुरमाड जागा बघ. आणि अर्धे अनवाणी, अर्धे स्टडवाले असं कधीच खेळवू नको. बोटं चिरडतात.

एप्रिल-मे मध्ये सकाळी ६ ला सुरू, सव्वासातला बंद, दर १५ मिनिटांनी पाणी. पोरगा असंबद्ध बोलायला लागला तर सावलीत ने, अंगावर पाणी ओत, वारा घाल आणि थेट दवाखाना गाठ.

कापूस वेचणीत हजेरी निम्मी होईल. त्यासाठी कोणाला टीममधून काढू नको, रविवारचं सेशन लांबव.

नुसत्या लायसन्सवर सुरुवातीला घर चालत नाही. शाळेत क्रीडाशिक्षक व्हायचं तर बी.पी.एड. (शारीरिक शिक्षणाची पदवी) कर, दोन वर्षं लागतात. नोकरी आणि कोचिंग दोन्ही चालतं.

सुब्रतो कपसारख्या शालेय स्पर्धेत वयोगट पक्के असतात. प्रत्येक पोराचा जन्मदाखला आणि शाळेची नोंद जूनमध्येच ताडून बघ. तारखा जुळत नसतील तर दुरुस्तीला वेळ लागतो, आणि वयात घोळ निघाला की अख्खी टीम बाद होते.

तुझा,
काका