ऑस्ट्रेलियात सशांचा एवढा उपद्रव का झाला आणि त्यावर उपाय काय?

आपल्या माळरानावरचा ससा बीळ खणत नाही, झुडपाच्या आडोशाला बसतो. ऑस्ट्रेलियात गेला तो युरोपीय ससा. तो जमिनीखाली बिळांचं जाळं करतो, आणि खरी अडचण तिथेच आहे.

१८५९ मध्ये थॉमस ऑस्टिन या जमीनदाराने शिकारीसाठी इंग्लंडहून मागवलेले २४ ससे व्हिक्टोरियात आणले. पन्नास वर्षांत ते जवळजवळ खंडभर पसरले. ते कोवळी रोपं मुळापर्यंत कुरतडतात. हेक्टरी एखादा ससा असला तरी काही देशी झाडांची नवी पिढी उभी राहत नाही. बिल्बीसारख्या (लांब कानांचा, बिळात राहणारा तिथला छोटा प्राणी) गरीब प्राण्याचं अन्न आणि बिळंही त्यांनी बळकावली. मला याचंच जास्त वाईट वाटतं.

पश्चिम ऑस्ट्रेलियाने १९०१ पासून १८०० किलोमीटरहून लांब कुंपण घातलं, पण ससे त्याआधीच पलीकडे पोचले होते. १९५० मध्ये सोडलेल्या मिक्झोमा विषाणूने सुरुवातीला बहुतेक ससे मेले; मग उरलेल्यांत प्रतिकारशक्ती आली, विषाणूही सौम्य झाला. १९९५ नंतर पसरलेल्या कॅलिसीव्हायरस या दुसऱ्या विषाणूलाही सशांत प्रतिकारशक्ती येत गेली.

म्हणून नुसत्या विषाणूवर भिस्त ठेवू नये. साथीने संख्या घटली की लगेच विषारी आमिष घालायचं आणि ट्रॅक्टरने बिळं खोल नांगरून मोडायची. बीळ शाबूत राहिलं, तर ससे परत येतातच.