ब्रिजिड हे आयरिश नाव मुलीला ठेवलं तर फार जुनाट वाटेल का? अर्थ काय त्याचा?

तुम्ही लिहिलंय की आयरिश सासूबाईंनी नातीसाठी हे नाव सुचवलंय आणि नवरा म्हणतोय आजीबाईंचं वाटतं. मी डब्लिनला राहते, माझं मत विचाराल तर बिनधास्त ठेवा.

अर्थ थोर, उन्नत असा आहे. आणि गंमत म्हणजे संस्कृतातला ‘बृहती’ हा शब्द आणि हे नाव मुळात एकाच घरातले, त्यामुळे तुमच्या आईबाबांना समजावणं सोपं जाईल. जुन्या आयरिश कथांमध्ये ब्रिजिड ही दाग्दा नावाच्या देवाची मुलगी, कविता, वैद्यकी आणि लोहारकाम तिच्याकडे, आणि पुढे आयर्लंड ख्रिश्चन झाल्यावर याच नावाची किल्डेअर गावची संत झाली, तिच्याबद्दल तर किती कथा! राजाकडे मठासाठी जमीन मागितली, तो म्हणाला तुझ्या शालीखाली मावेल तेवढी घे, आणि शाल पसरत पसरत अख्खं करा नावाचं माळरान झाकून गेली, आपल्या वामनाच्या तीन पावलांसारखंच की हे.

१ फेब्रुवारी तिचा दिवस, २०२३ पासून त्यानिमित्त देशभर सरकारी सुट्टी असते, फेब्रुवारीच्या पहिल्या सोमवारी, किंवा १ तारीख शुक्रवारी आली तर त्याच दिवशी. त्या सुमारास शाळेत पोरं लव्हाळ्यांचा क्रॉस विणतात, एक काडी उभी धरायची, दुसरी मधोमध दुमडून तिच्यावर अडकवायची, पाव वळसा फिरवायचं, परत पुढची, आणि शेवटी चारही टोकं दोऱ्याने नाहीतर सरळ रबरबँडने बांधायची. तो दारावर वर्षभर राहतो, आगीपासून घर राखतो म्हणतात.

आता जुनाटपणाचं. १९व्या शतकात इथून भरपूर मुली अमेरिकेत घरकामाला गेल्या, त्यात इतक्या ब्रिजेट (ब्रिजिडचंच इंग्रजी रूप) की तिकडे ब्रिजेट म्हणजे मोलकरीण असंच झालं, मासिकात व्यंगचित्रं काय, टिंगल काय. नावाचा त्यात काय दोष? मला तर उलट त्या मुलींचं कौतुक वाटतं, पगारातून घरी पैसे पाठवायच्या.

उच्चार मात्र आधी सासूबाईंना विचारा. आयरिश भाषेत हे नाव Bríd असं लिहितात, पण उच्चार ब्रीद वगैरे नाही, गॉलवेकडे ‘ब्रीज’ आणि दक्षिणेला ‘ब्रीड’ म्हणतात, त्यांच्या गावचा असेल तोच घ्या. आणि लाडाने ‘बिडी’ म्हणायला कोणी लागलं तर तिथेच थांबवा, इथे खडूस म्हातारीला तसं म्हणतात आणि आपल्याकडे काय होईल ते सांगायलाच नको 😄