बंगाली येत नाही, तरी बंगाली सिनेमा एडिट करू शकते का?

प्रश्न: मी नागपूरची, बी.कॉम. झालंय, दोन वर्षांपासून सीताबर्डीच्या एका स्टुडिओत लग्नाचे व्हिडिओ एडिट करते. कोलकात्याच्या छोट्या बजेटच्या सिनेमांत एडिटर व्हायचंय, पण भाषा येत नाही आणि बाबा म्हणतात यात पोट भरत नाही. काय करू?

उत्तर: बाबा अर्धे बरोबर आहेत बरं का. इंडी, म्हणजे छोट्या बजेटच्या स्वतंत्र सिनेमात पैसे कमी आणि तेही उशिरा, म्हणून तिथले बरेच एडिटर जाहिराती, सिरियल असं काहीबाही करत घर चालवतात. पण माणसं जोडली की टिकतात. दुलाल दत्तच बघ ना, 'पथेर पांचाली'पासून (१९५५) 'आगंतुक'पर्यंत (१९९१) सत्यजित राय यांचे सिनेमे त्यांनीच एडिट केले, म्हणजे छत्तीस वर्षं एकाच दिग्दर्शकासोबत! दिग्दर्शक ऋत्विक घटक यांच्या 'मेघे ढाका तारा'चे एडिटर रमेश जोशी, आडनाव बघून लगेच आपला माणूस म्हणू नको हं.

भाषा मात्र शिकच. डायलॉगमधला श्वास कुठे संपतो, माणूस कुठे अडखळून गप्प होतो हे सबटायटल वाचून कळत नाही, आणि कट तर तिथेच मारायचा असतो. दुर्गापूजेला मंडपात जा, कान तयार होतो.

कोलकात्याच्या सत्यजित राय इन्स्टिट्यूटमध्ये एडिटिंगचा कोर्स आहे, बी.कॉम. चालतं, एन्ट्रन्स द्यावी लागते. तोवर लग्नाचं काम सोडू नको, सहा तासांच्या रडण्या-हसण्यातून वीस मिनिटं काढतेस, ती काय कमी प्रॅक्टिस आहे का?