अमेरिकेतला लोकशाही विचार आला कुठून? आधी १७८७ बाजूला ठेवा

तुमचा प्रश्न असा आहे: अमेरिकेची लोकशाही इंग्लंडचा लॉक आणि फ्रान्सचा माँतेस्क्यू या विचारवंतांच्या पुस्तकांतून उतरली असं पाठ्यपुस्तकं सांगतात, आणि दुसरीकडे 'संस्थापकांना लोकशाही नकोच होती' असंही ऐकू येतं. यातलं खरं काय, आणि वाचायला सुरुवात कुठून करायची?

दोन्ही म्हणण्यांत तथ्य आहे, पण दोन्ही फक्त १७८७ च्या फिलाडेल्फियाकडे, म्हणजे संघराज्याची घटना लिहिणाऱ्या परिषदेकडे, बघून केलेली आहेत. माझ्या मते खरा ऐवज त्याआधीच्या दहा-अकरा वर्षांतला आहे. राज्यं आपापल्या घटना लिहीत होती आणि त्यावरून कडाक्याची भांडणं चालली होती. मत कुणाला, निवडणूक किती दिवसांनी, राज्यपालाला नकाराधिकार द्यायचा का, आणि मुळात घटना लिहायचा अधिकार कुणाचा? या रोकड्या प्रश्नांची उत्तरं शोधता शोधता सिद्धांत तयार झाला.

वसाहतींच्या काळाबद्दल थोडक्यात. व्हर्जिनियात निवडून आलेल्या प्रतिनिधींची पहिली सभा १६१९ मध्ये भरली. मॅसॅच्युसेट्सची गोष्ट जास्त मजेशीर आहे. १६२९ ची सनद ही खरं तर एका व्यापारी कंपनीची होती. कंपनीची मंडळी ती सनद घेऊनच अटलांटिक ओलांडून गेली आणि भागधारकांच्या सभेचं हळूहळू विधिमंडळ झालं. १६३१ पासून मत फक्त चर्चच्या सभासदांना, त्यामुळे याला लोकशाही म्हणणं धाडसाचं ठरेल. पण सत्ता लेखी कागदाने बांधलेली असते आणि पदाधिकारी दरवर्षी निवडायचे असतात, या दोन सवयी तिथे पडल्या. तेव्हा लॉकचा जन्मही झालेला नव्हता.

लॉकचा उपयोग झाला तो १७६० नंतर, इंग्लंडशी वाद घालताना. १७६५ च्या मुद्रांक कराच्या वेळी लंडनचा युक्तिवाद होता की मँचेस्टरही संसदेत कुणी पाठवत नाही, तरी त्याचं प्रतिनिधित्व होतंच, तसंच वसाहतींचं. वसाहतींनी ते साफ उडवून लावलं: आम्ही निवडला नाही तो आमचा प्रतिनिधी नाही. या उत्तराला लॉकचा आधार मिळाला, पण वृत्तपत्रांतून त्याच्या इतकीच, कदाचित जास्तच, ट्रेंचर्ड आणि गॉर्डन या ब्रिटिश पत्रलेखकांची १७२० च्या दशकातली पत्रं फिरत होती. लॉकला डोक्यावर घेण्याआधी हेही लक्षात असू द्या की कॅरोलायनाच्या १६६९ च्या मूळ नियमावलीच्या लेखनात त्याचा हात होता, आणि त्या नियमावलीत मालकाला गुलामावर पूर्ण सत्ता दिलेली होती. (इरोक्वा जमातींच्या संघावरून अमेरिकी घटना बेतली, असंही नेटवर वाचाल. फ्रँकलिनने त्या संघाचा उल्लेख केला होता हे खरं. पण घटनेच्या कलमांपर्यंत ती वाट पोचते असं दाखवणारा पुरावा फार तोकडा आहे.)

आता पेनसिल्व्हेनिया, १७७६. त्या काळातली सर्वांत धाडसी घटना हीच. एकच सभागृह, दरवर्षी निवडणूक, राज्यपाल नाहीच. त्याच्या जागी बारा जणांचं कार्यकारी मंडळ. २१ वर्षांचा, वर्षभर राहिलेला आणि कर भरणारा प्रत्येक स्वतंत्र पुरुष मतदार. जमिनीची अट नाही. सात वर्षांत चारपेक्षा जास्त वर्षं कुणी आमदार राहायचं नाही. सगळ्यात भारी कलम म्हणजे, सार्वजनिक कायद्याचा मसुदा शेवटच्या वाचनाआधी लोकांसाठी छापायचा आणि तातडीची गरज नसेल तर पुढच्या अधिवेशनापर्यंत मंजूर करायचा नाही. म्हणजे मध्ये एक निवडणूक येणार. दुसऱ्या सभागृहाचं काम इथे मतदारांनीच करायचं होतं.

हे फसलं कुठे? एक तर मतदाराकडून निष्ठेची शपथ मागितली गेली. ती न घेणारे क्वेकर पंथाचे ख्रिस्ती आणि नव्या राजवटीबद्दल साशंक असलेले इतर लोक त्यामुळे बाहेर फेकले गेले, आणि कागदावरचा सगळ्यात रुंद मताधिकार प्रत्यक्षात अरुंद झाला. दुसरं, एकाच सभागृहाला आवरणारं कुणी नव्हतं. १७७९ मध्ये त्याने फिलाडेल्फियाच्या कॉलेजची सनद काढून घेतली, १७८५ मध्ये बँकेची. तिसरं, घटना पाळली जाते का हे बघायला दर सात वर्षांनी एक परीक्षक मंडळ बसायचं; पण दुरुस्तीसाठी परिषद बोलवायला त्यात दोन तृतीयांश मतं लागत. १७८३-८४ मध्ये मंडळ बसलं, बहुमताला बदल हवा होता, दोन तृतीयांश काही जमले नाहीत. शेवटी १७९० मध्ये दोन सभागृहं आणि राज्यपाल असलेली नवी घटना आली.

मॅसॅच्युसेट्सने वेगळाच प्रश्न सोडवला. ऑक्टोबर १७७६ मध्ये काँकर्डच्या गावसभेने ठराव केला की विधिमंडळाला घटना लिहू देऊ नका, कारण जो लिहील तोच ती बदलेलही. हौसिंग सोसायटीची कमिटी स्वतःच उपविधी लिहून स्वतःच मंजूर करायला लागली तर सभासदांचं जे होईल, तेच. विधिमंडळाने तरीही मसुदा केला. १७७८ मध्ये गावांनी तो प्रचंड बहुमताने फेटाळला. मग फक्त याच कामासाठी वेगळी परिषद निवडली गेली आणि ती सप्टेंबर १७७९ मध्ये केंब्रिजला भरली. मसुदा मुख्यतः जॉन ॲडम्सचा. तो गावोगावी पाठवला, गावसभांनी कलमवार मतं आणि हरकती लिहून परत धाडल्या, आणि दोन तृतीयांश संमती मिळाल्याचं जून १७८० मध्ये जाहीर झालं. मोजणी मात्र संशयास्पदच होती. अमुक कलम 'दुरुस्तीसह मान्य' म्हणणारी मतं कुठे धरायची याचा नियमच आधी ठरला नव्हता.

वेगळी परिषद आणि मग थेट लोकांची मंजुरी, ही जोडी मला अमेरिकेची सर्वांत अस्सल देणगी वाटते. लॉकने 'लोकांची संमती' म्हटलं होतं. ती प्रत्यक्ष कशी घ्यायची याची रीत इथे बसली. विरोधाभास बघा: या घटनेवर मत द्यायला मालमत्ता लागली नाही, पण मंजूर झालेल्या घटनेनुसार पुढे आमदार निवडायला ६० पौंडांची मालमत्ता किंवा वर्षाला ३ पौंड उत्पन्नाची जमीन हवी होती. उलट तिच्या पहिल्याच कलमात सगळी माणसं स्वतंत्र आणि समान जन्मतात असं होतं, आणि त्यावर बोट ठेवून १७८१ ते १७८३ मध्ये एलिझाबेथ फ्रीमन आणि क्वॉक वॉकर या गुलामांच्या खटल्यांनी त्या राज्यातल्या गुलामगिरीचा पायाच काढला.

आता १७८७ नीट दिसेल. राज्यांची विधिमंडळं कागदी चलन काढत होती, कर्जदारांना सवलती देत होती. १७८६ मध्ये पश्चिम मॅसॅच्युसेट्समधल्या कर्जबाजारी शेतकऱ्यांनी कोर्टं बंद पाडली. त्यामुळे ३१ मे १७८७ रोजी मॅसॅच्युसेट्सचा प्रतिनिधी एल्ब्रिज गेरी फिलाडेल्फियाच्या परिषदेत सरळ म्हणाला की आपली दुखणी लोकशाहीच्या अतिरेकातून आली आहेत. म्हणून सहा वर्षांचं सेनेट, तेही १९१३ पर्यंत राज्यांच्या विधिमंडळांनी निवडलेलं, अध्यक्षासाठी निर्वाचक, न्यायाधीश तहहयात. गुलाम हा शब्द टाळला, पण प्रतिनिधींची संख्या ठरवताना गुलामांना तीन पंचमांश मोजलं. घटनेच्या शिल्पकारांपैकी एक, जेम्स मॅडिसन, याचा प्रसिद्ध युक्तिवाद (घटनेच्या बाजूने लिहिलेल्या 'फेडरलिस्ट' लेखमालेतला १० वा लेख, नोव्हेंबर १७८७) असा की देश मोठा असला की गट इतके होतात की अन्याय्य बहुमत जुळणंच कठीण. 'ब्रूटस' या टोपणनावाने लिहिणाऱ्या विरोधकाने महिनाभर आधीच उलट बाजू मांडली होती: एवढ्या मोठ्या देशात प्रतिनिधी लोकांना ओळखणारच नाही. पहिल्या प्रतिनिधिगृहात जागा होत्या ६५, आणि १७९० च्या जनगणनेत लोकसंख्या भरली सुमारे ३९ लाख. मॅसॅच्युसेट्सने ही घटना १८७ विरुद्ध १६८ अशी कशीबशी मंजूर केली, तीही दुरुस्त्या सुचवून. १७९१ चे पहिल्या दहा दुरुस्त्यांतले हक्क ही बऱ्याच अंशी हरलेल्या बाजूची कमाई आहे.

एक तांत्रिक गोष्ट बहुतेकांच्या नजरेतून सुटते. संघराज्याच्या घटनेने मतदार कोण हे ठरवलंच नाही. राज्याच्या मोठ्या सभागृहाला ज्याला मत, त्याला इथेही मत, एवढंच म्हटलं. त्यामुळे पुढची लढाई राज्याराज्यांत झाली, आणि ती सरळ रेषेत पुढे गेलेली नाही. न्यू जर्सीत ५० पौंडांची मालमत्ता असलेल्या स्त्रिया मत देत होत्या. १८०७ मध्ये तो हक्क गेला. न्यू यॉर्कने १८२१ मध्ये गोऱ्या पुरुषांची मालमत्तेची अट काढली आणि त्याच घटनेत काळ्या पुरुषांवर २५० डॉलरच्या मालमत्तेची अट लादली. पेनसिल्व्हेनियाने १८३८ मध्ये मतदाराच्या व्याख्येत 'गोरा' हा शब्द घातला.

आपल्याकडचा धागाही खरा आहे. जोतीराव फुले यांनी १८७३ मध्ये 'गुलामगिरी' अर्पण केलं ते गुलामी मोडणाऱ्या अमेरिकनांना, आणि बाबासाहेबांच्या लेखनातली लोकशाही म्हणजे एकत्र जगण्याची पद्धत ही मांडणी कोलंबिया विद्यापीठातले त्यांचे शिक्षक जॉन ड्यूई यांच्याकडून आलेली आहे.

वाचायला सुरुवात करताना पेनसिल्व्हेनिया १७७६ आणि मॅसॅच्युसेट्स १७८० शेजारी ठेवा आणि चारच गोष्टी ताडून बघा: मतदार, मुदत, नकाराधिकार, दुरुस्तीची रीत. मग ब्रूटसचा पहिला लेख, त्यावर मॅडिसनचे १० आणि ५१. त्यानंतर न्यू यॉर्कच्या १८२१ च्या परिषदेतलं न्यायाधीश जेम्स केंटचं भाषण. मालमत्तेची अट का हवी हे इतक्या स्वच्छपणे क्वचितच कुणी मांडलं असेल. शेवटी गुलामगिरीतून निसटलेल्या फ्रेडरिक डग्लसचं ५ जुलै १८५२ चं आणि लिंकनचं नोव्हेंबर १८६३ चं गेटिसबर्गचं. पेनसिल्व्हेनियाची घटना आणि मॅडिसनचे लेख येल विद्यापीठाच्या अव्हलॉन या ऑनलाइन संग्रहात फुकट आहेत.

मॅडिसनची १७८७ च्या परिषदेतली टिपणं मात्र जपून वापरा. चर्चा बंद दाराआड झाली. टिपणं छापली गेली १८४० मध्ये, तो वारल्यानंतर, आणि तोवर त्याने स्वतःच त्यांत फेरफार केले होते. १७८८ मध्ये लोकांनी काय समजून संमती दिली हे त्यांतून कळत नाही. त्यासाठी राज्यांच्या मंजुरी परिषदांतली चर्चा वाचा, आणि एकच वाचायची असेल तर जून १७८८ ची व्हर्जिनियाची, घटनेचा विरोधक पॅट्रिक हेन्री विरुद्ध मॅडिसन.