‘साबिशी’ म्हणजे एकाकी? मला नाही पटत

प्रश्न असा आला: ‘गिव्हन’ ही जपानी ॲनिमे मालिका पाहून झाल्यावर मित्रांत वाद झाला. जपानी ‘साबिशी’ला मराठीत ‘एकाकी’ म्हणावं का?

कोशाच्या हिशेबाने चालेल, पण तोंडात बसणार नाही. ‘एकाकी’ हे दुसऱ्याने केलेलं वर्णन. ‘मी एकाकी आहे’ असं कवितेबाहेर कोण बोलतं? साबिशी मात्र रोजच्या वापरातला शब्द आहे. कुणी नोकरी सोडून निघालं की ‘साबिशीकु नारु ने’ म्हणतात. आपण तिथे काय म्हणू? ‘आता तुझ्याशिवाय करमायचं नाही बघ.’ झालं, शब्द सापडला.

करमणं हे क्रियापद मजेशीर आहे. ते राहतं बहुतेक नकारात, नाहीतर प्रश्नात. वसतिगृहात गेलेल्या पोराला आई फोनवर विचारते, ‘करमतंय का तिकडे?’ शिवाय ‘मी करमत नाही’ असं म्हणता येत नाही, ‘मला करमत नाही’ म्हणावं लागतं, आणि तो ‘मला’सुद्धा गाळला तरी बिघडत नाही. साबिशीचंही तसंच, कोणाला वाटतं ते सांगावं लागत नाही.

आता मालिकेकडे. २०१९ साली आली, अकरा भागांची. माफुयु सातो हा शाळकरी मुलगा जिन्यावर गिटार कवटाळून झोपलेला असतो. गिटारची तार तुटलेली, गंजलेली. ती गिटार युकीची, त्याच्या वारलेल्या प्रियकराची. शाळेतलाच गिटार वाजवणारा मुलगा उएनोयामा रित्सुका तार बदलून देतो आणि गोष्ट सुरू होते. (जपानीत गंजालाही ‘साबी’ म्हणतात. कानाला लागलं म्हणून सांगितलं.)

नवव्या भागात माफुयु गातो त्या गाण्याचं नाव ‘फुयु नो हानाशी’, म्हणजे हिवाळ्याची गोष्ट. त्याचं स्वतःचं नाव लिहितात त्या अक्षरांचा अर्थ ऐन हिवाळा. ‘युकी’ कानाला बर्फ, लिहायची अक्षरं वेगळी. ‘रित्सुका’ म्हणजे उन्हाळ्याची सुरुवात. एवढं कळलं की गाण्याचं नाव पुन्हा एकदा ऐकावंसं वाटतं.

पण माफुयुच्या मनातलं सगळं काही ‘करमत नाही’त मावत नाही. युकीशी झालेल्या शेवटच्या भांडणात त्याच्या तोंडून एक वाक्य निघून गेलेलं असतं. त्याला ‘रुखरुख’ म्हणू नका. रुखरुख भाचीच्या लग्नाला जाता आलं नाही याची. ‘हुरहुर’ पुढच्या गोष्टीची. हा ‘सल’ आहे.

‘मिस करतो’ला माझी हरकत नाही, सगळेच म्हणतात. पण ते ऐकायला समोर कुणीतरी लागतं. आजोबा गेल्यावर आमची आजी रेडिओच्या बातम्या संपल्या की खिडकीकडे बघून म्हणायची, ‘ह्यांच्यामागं संध्याकाळचं करमत नाही.’ कुणाला उद्देशून नाही.

म्हणून माफुयुच्या तोंडी मराठी वाक्य घालायचं तर मी लिहीन, ‘युकी, करमत नाही रे.’ त्या ‘रे’साठी तरी ‘एकाकी’ सोडा.